हातमोज्याचं पाचवं बोट

तोक्योच्या एका गरीब वस्तीत नानिवाबुशीचा कार्यक्रम रंगलाय. शामिसेनच्या साथीवर गायक निष्ठेच्या आणि उपकाराच्या जुन्या कथा सांगतोय. आपल्या पोवाड्याची आठवण यावी असा त्याचा आवेश आहे, फक्त आपल्याला आवाज ऐकू येत नाही, कारण हा मूकपट आहे. समोर चटयांवर माणसं खेटून बसली आहेत. त्या गर्दीत कुणाचं तरी एक पाकीट खाली पडलंय. एकाची नजर जाते. तो इकडेतिकडे बघतो, पाकीट हळूच स्वतःकडे ओढतो, उघडतो. रिकामं. तो ते भिरकावून देतो. आता ते दुसऱ्याच्या गुडघ्याशी. त्याचंही तेच: चोरटी नजर, पुढे सरकलेला हात, उघडणं, पडलेला चेहरा. मग तिसरा. असं करत ते किहाचीपर्यंत, म्हणजे सिनेमाच्या नायकापर्यंत येतं. त्यालाही ते रिकामंच मिळतं. पण ते त्याच्या स्वतःच्या पाकिटापेक्षा मोठं आहे. मग तो आपल्याजवळचं किडुकमिडुक त्यात भरतो आणि आपलं जुनं, लहान पाकीट फेकून देतो. आता त्या पाकिटाचा प्रवास सुरू होतो.

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूने १९३३ साली केलेल्या ‘देकिगोकोरो’ची ही सुरुवात. देकिगोकोरो म्हणजे मनात अचानक उठलेली लहर. दोन कामगार मित्र, मध्ये एक मुलगी, एवढ्यावर सिनेमाची गोष्ट सांगता येईल आणि तशीच ती सांगितली जाते. मी मात्र हा सिनेमा तीनदा पाहिल्यावर अशा समजुतीला आले आहे की त्या दोघांची खरी चढाओढ त्या मुलीवरून नाहीच. ती कशावरून आहे हे मला माझ्या वडिलांबरोबर बसून पाहताना कळलं. त्याआधी दोन वेळा मी एकटीने पाहिला होता, तेव्हा ते नजरेतून सुटलं होतं.

वडिलांना आम्ही दादा म्हणतो. ते मूळचे बीडकडचे. तरुणपणी भोसरीला आले आणि तीस वर्षं पॉवर प्रेसवर काम केलं. चौथीपर्यंत शिकलेले, मराठी वाचतात ते ओठ हलवत, सावकाश. इंग्रजी उपशीर्षकं त्यांच्या कामाची नाहीत. गेल्या पावसाळ्यात ते माझ्याकडे राहायला होते. एका रात्री मी लॅपटॉप टीव्हीला जोडून हा सिनेमा लावला, तर ते शेजारी येऊन बसले. संवादाची जपानी पाटी आली, खाली इंग्रजी ओळ आली. ते म्हणाले, “काय म्हणतंय ते?” मी सांगितलं. पुढची पाटी आली, तीही सांगितली. दहा मिनिटांनी माझ्या लक्षात आलं की मी नुसती वाचत नाहीये. किहाचीच्या वाक्याला माझा आवाज जाड होतोय, पोराच्या वाक्याला बारीक होतोय, आणि पाटी नसतानाही मी मध्येच “आता बघा हं” म्हणतेय.

जपानात हे काम करणारी माणसं होती. त्यांना बेन्शी म्हणत. मूकपट चालू असताना बेन्शी पडद्याच्या बाजूला उभा राहून सगळ्या पात्रांचे संवाद म्हणायचा, गोष्ट पुढे न्यायचा, रडवायचा, हसवायचा. लोक नटाइतकेच बेन्शीच्या नावावर तिकीट काढायचे. १९३१ साली जपानचा पहिला यशस्वी बोलपट आला आणि या लोकांच्या पोटावर पाय आला. त्यांनी संप केले. पुढे नामवंत दिग्दर्शक झालेल्या अकिरा कुरोसावाचा थोरला भाऊ हेइगो हा बेन्शी होता, आणि संपातल्या पुढाऱ्यांपैकी एक. १९३३ साली त्याने आत्महत्या केली. ‘देकिगोकोरो’ही त्याच वर्षीचा. कामगारांवरचा हा मुका सिनेमा थिएटरात लागत होता तेव्हा त्याला आवाज देणारे कामगार एकेक करून घरी बसत होते.

ओझू बोलपटाकडे उशिरा वळला. आपला छायालेखक शिगेहारा ध्वनिमुद्रणाची स्वतःची पद्धत तयार करत होता आणि तीच वापरीन असा शब्द ओझूने त्याला दिला होता. त्याचा पहिला बोलपट आला १९३६ साली. दिलेल्या शब्दाखातर इतकी वर्षं थांबलेल्या माणसाने किहाची उभा केला, हे मला महत्त्वाचं वाटतं.

किहाची हा रंडका माणूस. मद्याच्या कारखान्यात मजुरी करतो, त्याचा मित्र जिरो शेजारीच राहतो आणि त्याच कारखान्यात जातो. किहाचीचा आठ-नऊ वर्षांचा मुलगा तोमिओ सकाळी या दोघा दांडग्यांना उठवतो. कसं, तर नडगीवर काठी हाणून. दादा इथे खदखदून हसले. तोमिओचं काम करणाऱ्या पोराचं नाव खरंच तोमिओ, तोमिओ आओकी. १९२९ साली ओझूच्याच एका छोट्या विनोदी सिनेमात त्याने काम केलं आणि त्या सिनेमाचं नावच त्याला कायमचं चिकटलं: तोक्कान कोझो. फेंदारलेले गाल, खोडकर डोळे, आणि रडताना कसलीही शोभा न सांभाळणारा चेहरा. मोठ्यांच्या जगाकडे बघण्याची त्याची तऱ्हा अशी आहे की हे जग नीट चालत नाही हे त्याला कळलंय, पण दुसरं मिळणार नाही हेही ठाऊक आहे.

नानिवाबुशी संपल्यावर रात्री या दोघांना हारुए भेटते. काम सुटलेली, जायला घर नसलेली तरुण मुलगी. जिरो तिच्याकडे संशयाने बघतो, किहाची विरघळतो. ओळखीच्या ओतोमे नावाच्या बाईची खानावळ आहे, तिथे तो तिला ठेवून घ्यायला लावतो. आणि दुसऱ्या दिवसापासून हा चाळिशीकडे झुकलेला माणूस ठेवणीतले कपडे घालून आरशात बघू लागतो. काम बुडवतो. हारुएचं मन मात्र जिरोकडे, जो तिच्याशी धड बोलतही नाही. मग ओतोमे किहाचीला बोलावून घेते. हा वेगळीच आशा घेऊन जातो. ती म्हणते, जिरोची समजूत तू घाल, हारुएचं आणि त्याचं जमलं तर बरं होईल.

किहाची झालेल्या ताकेशी साकामोतोचा चेहरा इथे बघण्यासारखा आहे. तो काही क्षण काहीच करत नाही. मग पंखा हलवतो, मान डोलावतो, आणि कामगिरी अंगावर घेतो. प्रतिस्पर्ध्याचं लग्न ठरवायला हा स्वतः जातो! जिरो नकार देतो आणि किहाची त्याच्यावर चिडतो. त्या चिडण्यात त्याचं स्वतःचं दुःख किती आणि हारुएसाठीचा कळवळा किती, ते वेगळं करता येत नाही.

“ह्यो चांगला आहे,” दादा म्हणाले. “पण कामाला जात नाही ते वाईट.”

ओझूने कामगार मित्रांची अशी जोडी आधीही रंगवली होती. १९२९ सालच्या त्याच्या ‘वासेई केन्का तोमोदाची’मध्ये, म्हणजे ‘अस्सल जपानी भांडखोर मित्रां’मध्ये, एकत्र राहणारे दोन ट्रकवाले आहेत. निराधार मुलीला घरी आणतात, दोघंही तिच्यावर जीव टाकतात, एकमेकांशी भांडतात, आणि ती तिसऱ्याचीच होते. शेवटी नवं जोडपं आगगाडीने निघतं तेव्हा हे दोघे रुळांशेजारून ट्रक पळवत त्यांना निरोप देतात. घरगुती प्रोजेक्टरसाठी काढलेली एक छोटी प्रत सापडली म्हणून त्यातली जेमतेम १४ मिनिटं आज आपल्याला दिसतात. मला ती १४ मिनिटं आवडतात, पण त्यातली चढाओढ खेळीमेळीची आहे. चार वर्षांनंतरच्या ‘देकिगोकोरो’त तिला धार आली आहे, कारण मधल्या काळात जपानवर मंदी कोसळली होती. कारखाने बंद पडले होते, ईशान्येकडच्या खेड्यांतून कर्जापायी मुली विकल्या जात होत्या. हारुए रस्त्यावर एकटी उभी दिसते तेव्हा त्या वेळच्या प्रेक्षकाला ती कुठून आली असेल आणि कुठे जाऊ शकते हे समजावून सांगायची गरज नव्हती.

ओझू स्वतः तोक्योतल्या फुकागावाचा, खताचा व्यापार करणाऱ्या खात्यापित्या घरात १२ डिसेंबर १९०३ला जन्मलेला. पण त्या भागात किहाचीसारखी माणसं गल्लोगल्ली होती आणि लहानपणापासून ती त्याच्या डोळ्यांसमोर होती. पैसा नसलेली, पैसा आला की उडवणारी, शेजाऱ्याच्या भानगडीत पडणारी, मायाळू. १९२३च्या भूकंपात आणि आगीत तो सगळा जुना भाग जळून गेला. दहा वर्षांनी ओझूने त्यातलं एक माणूस पुन्हा उभं केलं. लोकांना तो इतका आवडला की ‘किनेमा जुम्पो’ या मासिकाने त्या वर्षीचा सर्वोत्तम जपानी सिनेमा म्हणून याचीच निवड केली, आणि ओझूने साकामोतोला घेऊन किहाची नावाचा माणूस पुढच्या आणखी तीन सिनेमांत आणला. त्यातला एक, १९३५चा, आता हरवलाय.

सिनेमे हरवण्याच्या बाबतीत आपण जपानइतकेच अभागी आहोत. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी १९२५ साली ‘सावकारी पाश’ काढला. सावकाराने जमीन गिळलेला शेतकरी मुंबईच्या गिरणीत येतो, अशी गोष्ट, आणि तो तरुण शेतकरी झाले होते व्ही. शांताराम. त्या मूकपटाची प्रत आज उरलेली नाही. दादांना मी हे सांगितलं तेव्हा त्यांनी सहज विचारलं, “कशी होती त्यातली माणसं?” मला सांगता आलं नाही. किहाचीच्या अंगातला सदरा मला दिसतो, त्याचा घाम दिसतो, चार्जर शोधायला उठले तर तो थांबून माझी वाट बघतो. बीडच्या माणसाला जवळची वाटली असती अशी ती कोल्हापुरी माणसं मात्र गेली.

आता तो प्रसंग, ज्यासाठी मी हा सिनेमा पुन्हा पुन्हा लावते.

बाहेर पोरं तोमिओला चिडवतात. तुझा बाप अडाणी, त्याला पेपर वाचता येत नाही. जपानात १९०७पासून सहा वर्षांचं शिक्षण सक्तीचं होतं, त्यामुळे १९३३ साली वाचता न येणारा बाप ही पोराला चारचौघांत खाली बघायला लावणारी गोष्ट होती. तोमिओ घरी येतो. बापाने हौसेने लावलेल्या कुंडीतल्या झाडाची पानं ओरबाडून काढतो, एकही ठेवत नाही. किहाची येतो, ते बोडकं झाड बघतो आणि पोराला मारतो. मग पोरगं उसळतं. रडत, ओरडत बापाला मारायला लागतं, तोंडावर, डोक्यावर. तू कामाला जात नाहीस, तुला वाचता येत नाही. आणि किहाची हात उचलत नाही. बसून मार खातो. कॅमेरा बसलेल्या माणसाच्या नजरेच्या उंचीवर आहे, कुणी उभं राहून या बापाकडे बघत नाही. पोराचा हात थकतो. मग दोघं रडतात.

मी पाटी वाचली: “तुला पेपरसुद्धा वाचता येत नाही.” आवाज बारीक काढायचं विसरले, तो माझ्याच आवाजात निघाला. सातवीत असताना मी प्रगतिपुस्तकावर दादांची सही स्वतःच करून टाकली होती, कारण त्यांची सही म्हणजे वेडीवाकडी, एकेक अक्षर वेगळं पडलेली. बाईंनी विचारलं, वडिलांची सही इतकी छान कशी गं? मी म्हटलं, ते ऑफिसात आहेत. हे दादांना माहीत आहे की नाही हे मला आजवर ठाऊक नाही. त्या रात्रीही मी विचारलं नाही. ते पडद्याकडे बघत होते, हाताची घडी घालून.

दुसऱ्या दिवशी किहाची पोराला ५० सेन, म्हणजे अर्धा येन देतो. आयुष्यात एवढे पैसे पहिल्यांदाच हातात आलेलं पोर त्या सगळ्यांचा खाऊ खातं आणि मरणाच्या दारात जातं. पोटाचा आजार, डॉक्टर, औषध, पैसे. घरात पैसे नाहीत. आणि इथे, माझ्या मते, सिनेमाची खरी चढाओढ सुरू होते.

हारुए म्हणते, पैशांचं मी बघते. एकट्या मुलीने असं म्हटलं तर त्या दिवसांत त्याचा अर्थ काय, हे खोलीतल्या सगळ्यांना कळतं. जिरो तिला अडवतो. आजवर तिला टोचून बोलणारा हा माणूस पहिल्यांदाच तिच्याकडे नीट बघतो. पैसे तो आणणार. तो शेजारच्या न्हाव्याकडून उसने घेतो आणि फेडण्यासाठी होक्काइदोला मजुरीला जायचं ठरवतो. पोर वाचतं. किहाचीला हे कळल्यावर तो म्हणतो, पोरगं माझं, मी जाणार. जिरो म्हणतो, मीच जाणार. न्हावी म्हणतो, पैसे परत केले नाहीत तरी चालेल. कुणी ऐकत नाही.

या दोन मित्रांची सिनेमाभर बाचाबाची होते, पण पडद्यावर ठोसा पडतो तो इथे. हारुएवरून नाही. कर्ज कुणी फेडायचं यावरून. किहाची जिरोला लोळवतो आणि त्याच्या जागी स्वतः निघतो. सुरुवातीला एक रिकामं पाकीट होतं आणि प्रत्येक जण ते हळूच आपल्याकडे ओढत होता. शेवटाला ओझं आहे, आणि तेही प्रत्येक जण आपल्याकडेच ओढतोय. तीच माणसं. मला वाटतं ओझूने पाकिटाचा प्रसंग विनोदासाठी घातलाच, पण ही दोन टोकं जोडण्यासाठीही घातला. हे दोघे कधी एका बाईसाठी झगडत होते, ही त्या ठोशापुढे केवढी लहान गोष्ट होऊन जाते!

होक्काइदो म्हणजे काय, ते मी दादांना सांगितलं. उत्तरेचं मोठं थंड बेट. रस्ते, रेल्वे, कालवे खणायला तिथे मजूर नेले जात. मजुरांना आधी पैसे देऊन बांधून घ्यायचे आणि कोंडून कामाला जुंपायचं, अशा छावण्या तिथे होत्या. त्यांना ताकोबेया म्हणत, म्हणजे ऑक्टोपसची खोली. मडक्यात शिरलेला ऑक्टोपस बाहेर पडत नाही, तसं, अशी या नावाची एक फोड सांगतात. ही पद्धत दुसऱ्या महायुद्धानंतरच मोडली. उत्तरेच्या समुद्रावरच्या मजुरांवर लिहिणारा ताकिजी कोबायाशी हा लेखक याच १९३३च्या फेब्रुवारीत तोक्योत पोलिसांच्या ताब्यात मारला गेला. ओझूच्या सिनेमात यातलं एक अक्षर नाही. बोटीत बसलेली माणसं आहेत फक्त.

“म्हंजी उचल,” दादा म्हणाले.

उचल. ऊसतोडीला जाणारा कोयता, म्हणजे नवरा-बायकोची जोडी, मुकादमाकडून आधी पैसे घेतो, आणि मग पट्टा पडेपर्यंत, म्हणजे हंगाम संपेपर्यंत सुटका नाही. दादांच्या थोरल्या भावाची अर्धी हयात त्यात गेली. दादा भोसरीला आले तेच ती उचल घ्यावी लागू नये म्हणून. माझ्याकडे जी माहिती पुस्तकांतून आली होती तिला त्यांच्याकडे दोन अक्षरांचा शब्द होता.

“पण त्यानं मुकादमाकडून घेतली का न्हाव्याकडून?”

“न्हाव्याकडून.”

“मग बरं आहे. न्हावी घरचा.”

बोट निघते. किहाची सोबतच्या मजुरांत बसतो. त्यांतला एक आहे चिशू र्‍यू, ज्याचा चेहरा पुढे ओझूच्या सिनेमाची ओळखच बनला, इथे मात्र तो क्षणभराचा सोबती. किहाचीला राहवत नाही. तो पोराचं कौतुक सांगू लागतो, पोराची कोडी सांगतो. हाताला पाचच बोटं का असतात? चार असती तर हातमोज्याचं एक बोट रिकामं राहिलं असतं. समुद्राचं पाणी खारट का? त्यात खारवलेला मासा असतो म्हणून.

बोटांचं कोडं सिनेमात आधीच येऊन गेलं होतं. पहिल्यांदा ती पाटी आली तेव्हा मी गप्प राहिले होते. दादांच्या डाव्या हाताला करंगळीशेजारचं बोट नाही. मी शाळेत होते तेव्हाची गोष्ट. प्रेसला दोन बटणं असतात, दोन्ही हातांनी एकदम दाबल्याशिवाय ठोका पडू नये म्हणून. काम लवकर उरकावं म्हणून त्यांच्या मशीनचं एक बटण कायमचं दाबून बांधून ठेवलेलं होतं. पत्रा सरकवायला डावा हात आत गेला आणि उजव्याने बटण दाबलं गेलं. त्यानंतर थंडीत पहाटेच्या पाळीला सायकलवर जाताना ते लोकरी हातमोजे घालायचे. त्यातलं एक बोट फडफडायचं, ब्रेकमध्ये अडकायचं. आईने ते आत दुमडून शिवून टाकलं. तो शिवलेला हातमोजा दाराशी खिळ्याला टांगलेला असायचा आणि मी शाळेत जाताना त्याच्याकडे बघायचे नाही.

म्हणून मी ती पाटी गाळली होती. बेन्शीला ती मुभा असायची. नको ते सोडून द्यायचं, हवं ते भरायचं. दादांना काही कळलं नव्हतं. पण पडद्यावर पोरगं पंजा पसरून दाखवत होतं आणि मोठी माणसं हसत होती, तेव्हा त्यांनी माझ्याकडे वळून बघितलं होतं, आणि मी पुढची पाटी येईपर्यंत वाट बघत राहिले होते.

आता बोटीवर किहाची पोराची कोडी सांगून स्वतःच हसू लागला, तेव्हा दादांनी विचारलं, “मघाशी पोरगं बोटाचं काय म्हणलं? तू सांगितलंच न्हाई.”

मी सांगितलं. पोराच्या आवाजात नाही, साध्या आवाजात. चार बोटं असती तर हातमोज्याचं एक बोट रिकामं राहिलं असतं.

त्यांनी आपला डावा हात मांडीवरून उचलला, टीव्हीच्या उजेडात धरला, उलटासुलटा करून पाहिला. पोट हलेपर्यंत हसले. “आरं, खरंच की,” म्हणाले. “तुझ्या आईनं शिवलं ना पण.”

मी सिनेमा थांबवला होता. ते म्हणाले, “लाव, लाव पुढं.”

किहाची हसता हसता थांबतो. पोराशिवाय तो जाऊच शकत नाही, हे त्याला कळतं ते असं, कोड्यातून. मित्राला ठोसा मारून जिंकलेली जागा तो सोडतो आणि कपड्यांसकट पाण्यात उडी घेतो.

पहिल्या दोन वेळा मला हा शेवट पटला नव्हता. वाटलं होतं, एवढा मोठेपणा दाखवून हा पुन्हा जिथल्या तिथे. जिरोने काय समजायचं? न्हाव्याच्या पैशांचं काय? किहाची लहरी आहे, त्याची दानतही लहरच निघाली, अशी माझी नाराजी होती. आता तसं वाटत नाही. ओझं उचलायला तिघे पुढे आले होते, न्हावी धरला तर चौघे. चौघांनी उचललेलं ओझं एकट्याने होक्काइदोला घेऊन जायचं कारणच उरलं नव्हतं. किहाचीला हे शब्दांत मांडता आलं नसतं. त्याला फक्त पोरगं आठवलं. पण सिनेमाने ते आपल्याला आधीच दाखवून ठेवलंय, म्हणून ती उडी मला आता पळ काढणं वाटत नाही.

दादांना हे मी बोलून दाखवलं. ते काही म्हणाले नाहीत. बराच वेळ पडद्याकडे बघत होते, जिथे तो जाडजूड माणूस पाण्यात हात मारतोय आणि हसतोय.

“संपला?”

“संपला.”

“उद्या कामावर घेतील का त्याला?”

“माहीत नाही, दादा.”

“घेतील. माणूस जुना आहे.” मग जरा थांबून म्हणाले, “काठ किती लांब राहिला बघ बरं. मागं घे थोडं.”

मी मागे घेतलं. बोट, उडी, पाणी. ते चष्मा पुढे ओढून वाकले आणि त्यांनी डाव्या हाताने पडद्यावर अंतर मापलं.

“लई लांब न्हाई,” म्हणाले. “जातोय.”